झेपेल तेवढंच

आमच्या ह्यांना कंटेनरच्या यार्डात सगळे सावकाशराव म्हणतात. हे नाव ठेवलं आमच्या भावोजींनी, म्हणजे माझ्या धाकट्या नणंदेच्या नवऱ्यानं. ठेवलं तेव्हा त्यात प्रेम होतं. आता ते नाव कानावर पडलं की माझ्या अंगाचा तिळपापड होतो. का, ते सांगते. कोणीतरी सांगायलाच हवं, कारण हे स्वतः सांगणार नाहीत. सांगायची वेळ आली होती तेव्हा नाही सांगितलं, आता काय सांगणार, कपाळ!

ह्यांचं काम बिनतारी संचांचं. आमच्या बंदरामागच्या यार्डात कंटेनर एकावर एक रचलेले असतात, आणि मध्ये अरुंद गल्ल्या. वरून क्रेन फिरते. पूर्वी क्रेन चालवणारा माणूस वरच्या काचेच्या खोपटात बसायचा. आता तो लांब एका इमारतीत, खुर्चीत, पडद्यासमोर बसतो. खाली गल्लीत इशारेवाला उभा असतो. त्याच्या छातीवर एक छोटा संच बांधलेला, त्याला कॅमेरा, आणि तोंडापाशी माईक. तो म्हणतो, "खाली घे, डावीकडे, अजून थोडं, थांब." त्याच्यासमोरचं चित्र आणि त्याचा आवाज असं दोन्ही हवेतून त्या इमारतीत जातं. ते धड जावं म्हणून डोकं फोडायचं, हे आमच्या ह्यांचं काम. आणि गल्लीत उभं राहायचं, हे भावोजींचं.

लग्न झालं तेव्हा मला यातलं ओ की ठो कळत नव्हतं. एकदा विचारलं, "तुम्ही नेमकं करता तरी काय?" ह्यांनी उलट मलाच विचारलं, "तू आईशी फोनवर कशी बोलतेस?"

माझी आई कानानं अधू. त्यात फोनची खरखर.

"आवाज चांगला येत असला की तू कशी धबधब्यासारखी बोलतेस," हे म्हणाले. "खरखर सुरू झाली की लगेच हळू होतेस. एकेक शब्द, तोही दोनदोनदा. म्हणजे मधला एखादा गळला तरी उरलेल्यावरून आईला कळावं. तेच मी संचाला शिकवतो."

"पण संचाला काय कळणार पलीकडे ऐकू येतंय की नाही?"

"पलीकडचा सांगत असतो ना सारखा. आता छान येतंय, आता नाही येत. त्यावरून आपला संच ठरवतो, किती भरभर आणि किती दाटीनं पाठवायचं. चांगलं असेल तेव्हा चित्र, आवाज, सगळं. वाईट असेल तेव्हा चित्र पुसट झालं तरी चालेल, पण आवाज गेला पाहिजे." मग जरा थांबून म्हणाले, "समोरच्याला झेपेल तेवढंच पाठवायचं. बस."

मी भाळले हो त्या वाक्यावर! आमच्या घरी बाबा एकाच पट्टीत ओरडायचे. ताप आलेला असो, परीक्षा असो, पाहुणे असोत, पट्टी तीच. आणि इथे हा माणूस, समोरच्याला किती झेपतंय ते आधी बघणारा. घरातही तसेच होते. माझ्या आईशी बोलायला बसले की सगळं सावकाश, तोंड तिच्या चांगल्या कानाकडे करून. मी दमून आले की एक शब्द न बोलता चहा पुढे ठेवायचे. मला वाटायचं, लाखात एक नवरा मिळाला. मैत्रिणींना सांगत सुटायचे. आता त्या मैत्रिणी समोर आल्या की मी रस्ता बदलते.

तर यार्डाची गोष्ट. लोखंडाच्या गल्ल्यांमध्ये सिग्नलचा काही भरवसा नसतो. थोडा सरळ येतो, थोडा ह्या कंटेनरवर आपटून, थोडा त्या कंटेनरवर आपटून. कुठे ते सगळे एकमेकांना जोर देतात, कुठे एकमेकांच्या पायात पाय घालतात. म्हणून एका पावलावर खणखणीत आवाज आणि पुढच्याच पावलावर शुकशुकाट. त्यात वरून क्रेन हलली की मघाशी चांगली असलेली जागा बिघडते. म्हणून ह्यांनी संचाला एक वळण लावलं होतं. ऐकू येईनासं झालं की झटकन खाली उतरायचं, हळू आणि भक्कम बोलायचं. पण पलीकडून "छान येतंय" असा एक निरोप आला म्हणून हुरळून लगेच भरभर सुरू करायचं नाही. थांबायचं. आणखी निरोप येऊ द्यायचे. खरंच बरं आहे अशी खात्री पटली, की मग सावकाश वर चढायचं.

किती थांबायचं, यातच सगळी मेख. फार थांबलं तर चित्र उगाच पुसट राहतं. कमी थांबलं तर घात. हा थांबायचा वेळ ह्यांनी टेबलावर बसून नाही ठरवला. भावोजींना घेऊन गल्लीगल्ली पालथी घातली. इतर ठिकाणी म्हणे तपासणीसाठी एक, दोन, तीन असे आकडे म्हणतात. भावोजी म्हणाले, "आकडे म्हणायला मी काय शाळेत आहे? मी विनोद सांगतो. क्रेनवाली हसली की समजा पोहोचलं."

क्रेनवाली म्हणजे पडद्यासमोर बसणारी. अंगानं भरलेली, हसणं सात मजली. भावोजी गल्लीतून चालत जायचे आणि छातीवरच्या संचात सांगायचे, "एक माणूस डॉक्टरकडे गेला. म्हणाला, डॉक्टर, माझी बायको ऐकतच नाही हो. डॉक्टर म्हणाले, आणा त्यांना, कान तपासू. तो म्हणाला, कान अगदी चांगलेत, शेजारणीचं सगळं ऐकू येतं तिला!" असले टुकार विनोद. पण शेवटचा शब्द मध्येच गळला तर ती म्हणायची, "काय? शेजारणीचं काय?" मग हे मान हलवायचे, थांबायचा वेळ किंचित वाढवायचे, आणि भावोजी त्याच गल्लीतून तोच विनोद सांगत पुन्हा चालायचे. "सावकाशराव, तुमच्यामुळे माझ्या विनोदांचा पार चोथा झाला," असं म्हणायचे. ह्यांना हे नाव तेव्हा मिळालं. रविवारी दोघं आमच्याकडे जेवायला बसले की नणंद आणि मी कान बंद करून घ्यायचो, इतक्या वेळा ते विनोद आम्हीही ऐकले होते.

त्या थांबायच्या वेळानं पुढे कित्येक वर्षं यार्डात कोणाला खरचटलंसुद्धा नाही.

मग ह्यांच्यावर नवा साहेब आला. मी त्याला चकचकीत म्हणते. बूट चकचकीत, दात चकचकीत, आणि त्याला पडद्यावरचं चित्रही चकचकीतच हवं होतं. दुसऱ्या कुठल्या बंदराचे लोक संच बघायला येणार होते. त्यानं पडदा बघितला आणि म्हणाला, "हे चित्र सारखं पुसट काय होतं? आणि झालं की किती वेळ तसंच राहतं! लोक चित्र बघून संच पसंत करतात. तो थांबायचा वेळ काढून टाका."

घरी आल्यावर हे म्हणाले, "मी सांगितलं त्याला, यात धोका आहे म्हणून."

"मग?"

"मग काय. त्याला ते झेपण्यासारखं नव्हतं. जास्त बोललो नाही."

"अहो, झेपत नसेल तर आदळा त्याच्या टाळक्यात! माणसाचा जीव असतो खाली गल्लीत!"

"फक्त पाहुण्यांपुरतं आहे," हे म्हणाले, आणि हात धुवायला गेले.

तो वेळ ह्यांनी स्वतःच्या हातानं काढला. काढलाय हे यार्डात दोघांनाच ठाऊक, ह्यांना आणि चकचकीतला. पाहुणे आले, टाळ्या वाजवून गेले. आणि मग ते तसंच राहिलं, मला पत्ताही नव्हता. "सगळे खूश आहेत, राहू द्या की," असं चकचकीत म्हणाला, आणि ह्यांनी राहू दिलं. खूश सगळे होतेच. क्रेनवाली म्हणाली, आता कसं लख्ख दिसतं. रविवारी भावोजी आमच्या टेबलावर बसून म्हणाले, "सावकाशराव, आता तुमचं नाव बदलायला हवं." हे कसनुसं हसले. खाली मान घालून पोळीचे तुकडे मोडत राहिले. समोर ज्याचा पाय त्या गल्लीत रोज पडणार होता, तो माणूस बसलेला. त्याच्यापाशीही ब्र काढला नाही!

पुसट चित्र आणि गोठलेलं चित्र यात फरक असतो, हे मला नंतर कळलं. पुसट चित्र हलत असतं. ते दिसलं की क्रेनवाली सावध होते, हात आखडता घेते. पण संच भरभर पाठवायला गेला आणि मध्येच तुटलं, तर पडद्यावर शेवटचं चांगलं चित्र तसंच्या तसं राहतं. लख्ख. आणि लख्ख चित्रावर माणूस विश्वास ठेवतो.

त्या सकाळी कंटेनर जागेवर बसतच होता. कोपऱ्यातली लोखंडी खिट्टी वाकडी झाली होती. भावोजींनी "थांब" म्हटलं आणि ती सरळ करायला वाकले. क्रेनवालीला समोर लख्ख दिसत होतं, कोपरा मोकळा आहे, कोणी नाही. ती खाली घेत राहिली. भावोजींचा उजवा पाय घोट्यापासून गेला. क्रेनवाली बिचारी अजून त्या खुर्चीत बसत नाही, दुसरं काम मागून घेतलंय तिनं.

दवाखान्यात शुद्धीवर आल्यावर भावोजींनी पहिल्यांदा पायाचं नाही विचारलं. ह्यांना जवळ बोलावलं. "दादा, मी तीनदा ओरडलो. वाकायच्या आधी. थांब, थांब, थांब. ती म्हणते, एकही ऐकू आला नाही. तिन्हीच्या तिन्ही जातील का हो हवेत?"

हे पलंगाच्या दांडीला धरून उभे होते. म्हणाले, "जाऊ शकतात. आत्ता संच जसा आहे, तसे तिन्ही जाऊ शकतात."

"मग तेवढं सांगा. यार्डात बोलताहेत, मी काही बोललोच नाही म्हणून. न सांगता वाकलो आणि आता पांघरूण घालतोय म्हणून."

"चौकशीत मीच सांगणार आहे," हे म्हणाले. माझ्यादेखत. नणंदेदेखत. नणंदेनं डोळे पुसले आणि म्हणाली, "दादा, पाय गेला तो गेला. पण ह्याला कोणी खोटारडा म्हणायला नको. एवढंच कर."

एवढंच. दुसरं काही मागितलं नव्हतं हो तिनं! चौकशीत ठरायचं ते एकच होतं. न सांगता वाकला असेल तर चूक इशारेवाल्याची. सांगून वाकला असेल तर चूक संचाची. आणि तीन हाका हवेत विरू शकतात की नाही, हे छातीठोक सांगू शकणारा माणूस अख्ख्या यार्डात एकच.

चौकशीच्या आदल्या संध्याकाळी ह्यांनी मला स्वयंपाकघरातल्या टेबलावर सगळं मांडून दाखवलं. ताटल्या घेतल्या. "ही चांगली जागा, ही वाईट, ही पुन्हा चांगली." चमचा म्हणजे संच. "संच इथे असताना पलीकडून निरोप निघाला, छान येतंय. तो निरोप येईपर्यंत क्रेन हलली, संच ह्या वाईट ताटलीवर आला. पण विश्वास ठेवला जुन्या निरोपावर. पाठवलं भरभर. पहिलं थांब वाया. पलीकडचा म्हणतो, कळेना. संच उतरतो. तेवढ्यात एक चांगली ताटली लागते. थांबायचा वेळ नाहीच, म्हणून लगेच चढतो. तोवर पुन्हा वाईट. दुसरं वाया. तसंच तिसरं. आधीचा वेळ असता तर पहिल्यानंतर संच खालीच राहिला असता. दुसरं थांब नक्की पोहोचलं असतं."

मी दोनदा विचारलं, दोनदा समजावलं. मला समजलं! मी काही इंजिनिअर नाही, मी शिवणकाम करणारी बाई. तरी मला समजलं. "एवढं सांगाल?" मी विचारलं.

"एवढंच तर सांगायचंय," हे म्हणाले. मी त्यांचा निळा शर्ट इस्त्री करून खुर्चीवर घातला.

चौकशीची खोली लांबट, भिंतीला ओल, टेबलावर पाण्याचा जग आणि एकच ग्लास. टेबलामागे तीन माणसं. मध्ये एक वयस्कर बाई, दोन्ही बाजूंना दोन पुरुष. एकाचं लक्ष घड्याळात, दुसरा जांभई दाबत होता. बाजूच्या खुर्चीत चकचकीत, पायावर पाय टाकून बूट हलवत. भावोजी चाकांच्या खुर्चीत. मागच्या बाकावर नणंद आणि मी, तिचा हात माझ्या हातात.

ह्यांना बोलावलं. बाईंनी सरळ आणि साधं विचारलं. "हवेतून जाताना शब्द हरवू शकतो का?"

"हरवू शकतो."

"हे म्हणतात, तीनदा ओरडलो. तिन्ही हरवू शकतात?"

हे बोलायला तोंड उघडणार तेवढ्यात त्यांनी वर बघितलं. घड्याळवाल्याकडे, जांभईवाल्याकडे, मग चकचकीतकडे. ती नजर माझ्या चांगल्या ओळखीची होती. घरात हजार वेळा बघितलेली. समोरच्याला किती झेपतंय ते मोजणारी. त्यावरच मी भाळले होते. आणि आता मला कळलं की हा माणूस संचासारखा खाली उतरणार.

"सहसा नाही," हे म्हणाले.

"म्हणजे?"

"म्हणजे... एखादा जातो. तिन्ही सहसा जात नाहीत. संच ठरवल्याप्रमाणे चालत होता."

यातला एक शब्दही खोटा नव्हता, हे लक्षात घ्या. सहसा नाहीच जात. आणि संच ठरवल्याप्रमाणेच चालत होता. कोणी ठरवलं, ते गिळलं.

नणंद कुजबुजली, "वहिनी, दादा काय म्हणाला?" तिला कळलंच नव्हतं. भावोजींना कळलं. त्यांनी ह्यांच्याकडे बघितलं नाही, नुसते खुर्चीच्या चाकावरून हात फिरवत राहिले.

मला मात्र राहवेना. मी उभी राहिले. "अहो बाई, हे अर्धवट आहे! जाऊ शकतात तिन्ही! काल ह्यांनीच मला घरी ताटल्या मांडून दाखवलंय!"

"ताटल्या?" घड्याळवाला म्हणाला, आणि जांभईवाल्याला हसू आलं. त्या बाई हसल्या नाहीत. भली बाई होती ती. ह्यांच्याकडे वळून म्हणाली, "तुमच्या पत्नी काहीतरी म्हणताहेत. तुम्हाला आणखी काही सांगायचं आहे का? आम्ही थांबतो. सावकाश सांगा."

आता बोला! ह्यांना आयुष्यभर जे हवं होतं तेच ती देत होती. ऐकणारं माणूस, वेळ, सगळं. पलीकडून इतकं स्वच्छ कोणी कधी सांगितलं नसेल, की मला ऐकू येतंय, पाठवा.

हे म्हणाले, "नाही. ती जरा... घरातलंच माणूस जखमी आहे ना, म्हणून."

मी खाली बसले. नणंदेनं माझ्या हातातून हात काढून घेतला.

बाहेरच्या व्हरांड्यात मी ह्यांना गाठलं. "ताटल्या कोणी मांडल्या होत्या? मी?"

"हळू बोल. अगं, त्यांना ते झेपलं नसतं. आधी थांबायचा वेळ काय ते सांगायचं, मग तो का होता, मग तो काढला, का काढला... मध्येच तुटलं असतं सगळं. म्हणून जेवढं पोहोचेल तेवढं..."

"त्यांना झेपलं नसतं की तुम्हाला?"

हे पुढे निघाले. मी वाट अडवली.

"तुमचा संच हळू होतो तो निरोप पोहोचावा म्हणून," मी म्हटलं. माझा आवाज चढला होता, येणारेजाणारे बघत होते, बघू देत. "चित्र पुसट झालं तरी चालेल, पण थांब म्हटलेलं गेलं पाहिजे, असं तुम्हीच सांगितलंत ना मला? तो निरोप कधी टाकून देत नाही. तुम्ही निरोपच टाकून दिलात. तुमचं यंत्र तुमच्यापेक्षा बरं आहे हो!"

ह्यांनी चष्मा काढून शर्टाला पुसला. मी इस्त्री केलेल्या शर्टाला.

निकाल लागला. चूक इशारेवाल्याची, पूर्वसूचना न देता वाकला. त्यानंतर एकदा चकचकीत ह्यांच्या टेबलापाशी येऊन हळूच म्हणाला, तो जुना थांबायचा वेळ घाला परत, गाजावाजा नको. ह्यांनी घातला. चित्र पुन्हा गल्लीत पुसट व्हायला लागलं आणि कोणी चकार तक्रार केली नाही. म्हणजे बघा, जमत होतं!

भावोजींना यार्डाच्या फाटकावरच्या खोपटात बसायचं काम मिळालं. गाड्या आत सोडायच्या, बाहेर सोडायच्या. दया म्हणून. त्यासाठी ह्यांनी चकचकीतकडे शब्द टाकला होता, तिथे बरं तोंड उघडलं! आणि यार्डात सगळे म्हणतात, सावकाशराव देवमाणूस, मेव्हण्याची चूक असूनही त्याला सांभाळून घेतलं. हे ऐकलं की मला घरातली सगळी भांडी आपटाविशी वाटतात.

नणंद आमच्याकडे येत नाही. मी गेले तर दार उघडते, बस म्हणते, पाणी देते. ह्यांचं नाव काढलं की उठून आत जाते. रविवारी आमच्या टेबलावर आता आम्ही दोघंच, आणि ह्यांना अजूनही माझ्या चेहऱ्याकडे बघून कळतं की आज किती बोलायचं. मीही काही कमी नाही, कळूच देत नाही काही. बसा मोजत.

परवा हे चष्मा घरी विसरले म्हणून मी तो द्यायला गेले. सकाळची तपासणी चालली होती. रोज काम सुरू व्हायच्या आधी हे आपल्या खोलीतून एकेका संचाला विचारतात, ऐकू येतंय का, आणि पलीकडचा सांगतो. सगळे झाले. शेवटी फाटक राहिलं. मी दारातच उभी होते, ह्यांची पाठ माझ्याकडे.

"फाटक, ऐकू येतंय का?"

"येतंय," भावोजींचा आवाज आला.

इथे तपासणी संपते. पण हे जागचे हलले नाहीत. समोरच्या छोट्या पडद्याकडे बघत बसले. सिग्नलचे सगळे पट्टे काठोकाठ भरलेले. मग बटण दाबून एकदम हळू, लाडीगोडी लावल्यासारखे म्हणाले, "जावईबापू, एखादा विनोद सांगा की. कितीतरी दिवसांत ऐकला नाही. तो डॉक्टरचा सांगा."

पलीकडून काही येईना. माझ्या मनात आलं, पोहोचलंच नसेल. ह्यांच्याही मनात तेच आलं असणार, कारण ते पुन्हा बटण दाबायला गेले.

तेवढ्यात आवाज आला. ना खरखर, ना घाई.

"सहसा नाही सांगत," भावोजी म्हणाले.

इतकं स्पष्ट की मला दारात ऐकू आलं. एकही शब्द हरवला नाही.